माहितीपटातले तज्ज्ञ: कॅमेऱ्यासमोर बसवतात कोणाला?

अजिंक्यतारा_पायथा (धागाकर्ता)

पूल, बोगदे, धरणं, समुद्रात भराव टाकून केलेले विमानतळ... असले माहितीपट मी हावरटासारखे बघतो. त्यात एक गोष्ट ठरलेली. थोड्या थोड्या वेळाने हेल्मेट घातलेला किंवा पुस्तकांच्या कपाटापुढे बसवलेला एक माणूस येतो, खाली नाव-हुद्दा उमटतो, तो दोन ठाशीव वाक्यं बोलतो आणि लगेच ड्रोन, क्रेन, ढँणढँण संगीत.

परवा यूट्यूबवर कोयना धरणावर असंच काहीतरी लागलं. साताऱ्याचा माणूस, कोयनेचं नाव दिसलं की थांबणारच. त्यातले तज्ज्ञ म्हणाले, "हे धरण ०.०५ च्या भूकंपासाठी बांधलं होतं आणि १९६७ ला आला ०.४९ चा. म्हणजे दहापट! तरी धरण उभं राहिलं." ऐकून छाती फुगली. मग डोक्यात किडा वळवळला. हे गृहस्थ कोयनेवर कधी कामाला होते का? की दुबईच्या टॉवरवर, पनामाच्या कालव्यावर आणि कोयनेवर बोलायला एकच माणूस बोलावतात? आणि हे दहापटीचं गणित खरं आहे का?

इथे पाटबंधारे खात्यातली मंडळी आहेत, कराड आणि सांगलीच्या इंजिनिअरिंग कॉलेजातली पोरं आहेत. बोला.

---

खटावकर

आवो, दुबईचा आनि कोयनेचा येकच माणूस आसंल तर काय बिगाडलं? आमच्या गावात येकच मिस्त्री देवळाचा कळस बी बांधतो आनि संडास बी.

---

निवृत्त_उपअभियंता

दहापटीचं आधी बघू, कारण हे वाक्य मी निदान चार जणांच्या तोंडून ऐकलंय आणि दरवेळी ब्लडप्रेशर वाढतं.

०.०५ हा हिशेबातला आकडा. त्या काळच्या पद्धतीप्रमाणे भूकंपासाठी धरणाच्या वजनाच्या ५ टक्के इतका आडवा जोर धरायचा, तोही तळापासून माथ्यापर्यंत सारखाच, आणि त्याला धरण तपासायचं. जगभर असंच चालायचं. ०.४९ हा मोजलेला आकडा. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे ४ वाजून २१ मिनिटांनी धरणाच्या आतल्या गॅलरीत बसवलेल्या यंत्राने नोंदवलेला, नदीच्या दिशेतला क्षणिक कमाल धक्का. धरणाच्या लांबीच्या दिशेने तर ०.६३ नोंदला गेला. दोन्ही आकडे गुरुत्वाच्या पटीत लिहितात म्हणून सारखे दिसतात. पण एक कायम लावलेला जोर आहे आणि दुसरा सेकंदाच्या छोट्या तुकड्यापुरता आलेला हिसका. एकाला दुसऱ्याने भागून काही निघत नाही. धरणावर खरोखर दहापट भार तसाच टिकून राहिला असता तर आज हा धागा निघाला नसता.

जे शिकण्यासारखं होतं ते त्या गृहस्थांनी सांगितलंच नाही. हिसका वर जाताना वाढतो. शेवग्याचं खोड थोडं हललं तरी शेंडा किती झुलतो बघा, तसं. सगळ्या उंचीला सारखाच जोर धरणाऱ्या हिशेबाला हे दिसत नाही. म्हणून भेगा तळाशी आल्या नाहीत. धरणाची मागची बाजू जिथे उतार बदलते, म्हणजे मानेपाशी, तिथे आडव्या भेगा गेल्या, पाण्याच्या बाजूलाही आणि मागच्या बाजूलाही. मग भेगांत इपॉक्सी भरलं, ताणलेल्या पोलादी केबल टाकल्या, आणि उंच भागांना मागून काँक्रीटचा जाड टेकू दिला. धरणाच्या खालच्या बाजूने बघितलं की तो आजही दिसतो. सांडव्याच्या भागाची मजबुती कितीतरी वर्षांनी झाली.

'तरी उभं राहिलं' हे खरं. पण 'कुठे आणि का तडकलं' हे जास्त मोलाचं. भूकंपात काँक्रीटची धरणं कशी वागतात हे जग कोयनेवरून शिकलं.

---

कराडचा_शिकाऊ

काका, दंडवत. आमच्याकडे एम.टेक.च्या मुलांना अबॅकस (Abaqus) हे बांधकामावरचे ताण संगणकावर तपासणारं सॉफ्टवेअर शिकवतात. त्याच्या पुस्तिकेत काँक्रीट धरणाच्या भूकंप विश्लेषणाचं जे नमुना उदाहरण आहे ते चक्क कोयनेचं आहे. उंची १०३ मीटर, गॅलरीतली तीच नोंद, आणि भेग मानेपाशीच येते. जगातली पोरं पाटण तालुका नकाशात दाखवू शकणार नाहीत, पण कोयनेची मान कुठे तडकते ते सांगतील.

---

मिरजेची_मास्तरीण

मी भौतिकशास्त्र शिकवते. तज्ज्ञ आणि कॅमेरा म्हटल्यावर मला टॅकोमा नॅरोजचा पूल आठवतो. अमेरिकेतला झुलता पूल, १ जुलै १९४० ला सुरू झाला आणि त्याच वर्षी ७ नोव्हेंबरला वाऱ्यात पिळवटून पडला. वारा ताशी साधारण ६५ किलोमीटर, म्हणजे फार मोठं वादळही नव्हे. वॉशिंग्टन विद्यापीठाचे प्राध्यापक फर्कहारसन त्या पुलाच्या हेलकाव्यांचा आधीपासून अभ्यास करत होते. त्या दिवशी ते पुलावर कॅमेरा घेऊन हजर होते. हलत्या पुलावर अडकलेल्या गाडीतलं कुत्रं सोडवायला गेले, तर कुत्र्याने त्यांनाच चावा घेतला. चित्रफितीत रस्त्याच्या मधल्या रेषेवरून झिंगल्यासारखा चालणारा माणूस दिसतो ना, तो माणूस म्हणजे तज्ज्ञ.

पण पुढे काय झालं बघा. तीच फीत दशकानुदशकं वर्गावर्गात दाखवली गेली आणि निवेदकाने सांगितलं की पूल अनुनादाने पडला, वाऱ्याचा ठेका पुलाच्या ठेक्याशी जुळला. मीही पाठ्यपुस्तकात तेच शिकले. १९९१ मध्ये बिल्लाह आणि स्कॅनलन यांनी लेख लिहून दाखवलं की हे साध्या अनुनादाचं उदाहरण नाही. पूल पिळला की त्याच्याभोवतीचा वारा बदलतो, बदललेला वारा त्याला आणखी पिळतो. बाहेरून ठेका धरायला कोणी लागतच नाही. त्यावर कडी म्हणजे २०१५ मध्ये काही भौतिकतज्ज्ञांनी लक्षात आणून दिलं की जुनी फीत नव्या प्रोजेक्टरच्या वेगाने उतरवल्यामुळे पूल खऱ्यापेक्षा दीडपट वेगाने हलताना दिसतो!

म्हणजे तज्ज्ञ जागेवर होता, कॅमेराही होता, आणि तरी जगाने चुकीचंच ऐकलं. कारण बोलणारा आवाज तिसऱ्याचाच होता.

---

काडीबहाद्दर

थोडक्यात तज्ज्ञांवर विश्वास ठेवू नका, व्हॉट्सॅपवर ठेवा. 🍿

---

मिरजेची_मास्तरीण

@काडीबहाद्दर, चूक दुरुस्त कोणी केली? तज्ज्ञांनीच. व्हॉट्सॅपवर अजून अनुनादच चालू आहे.

---

इर्विनकाठ

सांगलीकरांकडे तज्ज्ञांची वेगळी जात आहे. ती पावसाळ्यात उगवते. इर्विन पुलापाशी पाणी ४० फुटांच्या इशाऱ्याला लागलं की वाहिन्यांवर नकाशे निघतात, आणि ४५ ची धोका पातळी ओलांडली की प्रत्येक नकाशात कर्नाटकातलं अलमट्टी धरण लाल रंगात. २०१९ ला पाणी ५७ फुटांच्या वर गेलं तेव्हा तर दर तासाला नवा चेहरा. एक म्हणे अलमट्टीची पाणीपातळी ५१९.६० मीटरवर होती म्हणून आपण बुडालो, दुसरा म्हणे धरणाचा फुगवटा, म्हणजे मागे तुंबलेलं पाणी, इथवर येतच नाही. मी १९२९ च्या पुलाच्या कठड्याशेजारी वाढलेला माणूस, पण दोघांपैकी एकानेही प्रश्न नीट मांडलेला ऐकला नाही. कोयना, वारणा, धोम यांतून किती क्युसेक, कोणत्या दिवशी, किती वाजता सुटलं? मधल्या खोऱ्यात धरणांच्या खाली किती पाऊस पडला? पूररेषेत किती बांधकाम झालं? पुढे पुराच्या अभ्यासासाठी नेमलेल्या वडनेरे समितीने अहवाल दिला, त्यात अतिवृष्टी आणि नदीपात्रातल्या अडथळ्यांवर भर होता. तो अहवाल वाहिन्यांवर किती वेळ चालला? लाल नकाशाच्या मानाने काहीच नाही. अलमट्टीचा वाद अजून मिटलेला नाही, उंची ५२४.२५६ मीटरपर्यंत न्यायचा घोळ चालूच आहे, त्यामुळे पुन्हा नकाशे निघणार हे धरून चाला.

बांधकामावरचे माहितीपट निदान कौतुकाचे असतात. पुराच्या तज्ज्ञाचं ऐकून लोक घर सोडायचं की नाही ते ठरवतात.

---

कॅमेराकोन

मूळचा सांगलीचा, पुण्यात माहितीपटांचं संकलन करतो, त्यामुळे शिव्या इकडे पाठवा.

आतली गोष्ट सांगतो. तज्ज्ञ तास-दीड तास बोलतात. वापरतो दोन मिनिटं. त्या दोन मिनिटांत काय राहतं? पूर्णविराम असलेली वाक्यं. "पण", "जर", "आमच्या माहितीप्रमाणे", "या थरापुरतं" यांनी सुरू होणारी वाक्यं कात्रीत जातात, कारण त्यांना पुढचं-मागचं लागतं. प्रश्न विचारणाऱ्याचा आवाज काढून टाकायचा असतो, म्हणून आम्ही आधीच सांगतो की उत्तरात प्रश्न घेऊन बोला. आणि मग ठेवणीतला प्रश्न टाकतो: "त्या क्षणी चूक झाली असती तर काय झालं असतं?" अभियंता प्रामाणिक असला तर म्हणतो, "काही नाही, थांबून पुन्हा मोजलं असतं." ते वाक्य वापरून दाखवा! जो म्हणतो "सगळं संपलं असतं", तो ट्रेलरमध्ये.

एकदा एका पुलाच्या कामावर (कुठल्या ते विचारू नका) साइटवरचा फोरमन असलं सुरेख बोलला होता की काय सांगू. गर्डर सरकवताना उन्हाने लोखंड वाढतं म्हणून ते पहाटे मापं घ्यायचे, ते सगळं हातवारे करून सांगितलं. वाहिनीकडून निरोप आला, याच्या नावाखाली लिहायला पदवी नाही, दुसरा माणूस द्या. दुसऱ्याने तेच सांगितलं, एसीत बसून, आणि पहाटेचं विसरला.

तेव्हा धागाकर्त्याच्या प्रश्नाचं उत्तर: हो, बऱ्याचदा एकच माणूस दुबईवरही बोलतो आणि पनामावरही. तो थापाड्या असतोच असं नाही. तो बोलतो चांगला, त्याची तारीख मिळते आणि तो प्रवासखर्च कमी मागतो.

---

निवृत्त_उपअभियंता

कॅमेराकोन, फोरमनचं वाचून कोयनेचं लेक टॅपिंग आठवलं. चौथ्या टप्प्याचं काम, १३ मार्च १९९९. मी तेव्हा त्या प्रकल्पावर होतो, पण बोगद्याच्या दुसऱ्या भागात, हे आधीच सांगतो.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी. जलाशयातून नवा बोगदा काढायचा, पण शिवाजीसागर रिकामा करायचा नाही. म्हणून डोंगराच्या आतून तळ्याच्या बुडाखाली बोगदा नेत न्यायचा आणि शेवटी वरचं पाणी आणि बोगदा यांच्यामध्ये थोडासा खडक शिल्लक ठेवायचा. तो एकदम उडवायचा. फुटलेला दगड बोगद्यात वाहत जाऊ नये म्हणून त्याच्याखाली आधीच मोठा खड्डा खणून ठेवलेला असतो. तंत्र नॉर्वेचं. आपल्याकडे तोवर कोणी केलेलं नव्हतं, आशियातला पहिलाच प्रयोग म्हणून गाजलं. दुसरं टॅपिंग २५ एप्रिल २०१२ ला झालं.

चित्रीकरणात काय दिसतं? कळ दाबली, पाण्यावर फुगवटा आला, टाळ्या, पेढे. कळ दाबणं हे काम नव्हतंच हो! काम होतं त्याआधीचं. तळ्याच्या बुडाचा नकाशा पाण्याखालून करायचा, खडकावर गाळ किती ते बघायचं. बोगदा पुढे सरकवण्याआधी दरवेळी लांब भोक पाडून बघायचं की पाणी येतंय का. आलं की सिमेंटचा ग्राउट (पातळ मिश्रण) दाबायचा, वाट बघायची, पुन्हा भोक. सुरुंग लहान लहान. वर अख्खं तळं आणि खाली आपण. ड्रिलवरच्या माणसाला दगडाच्या आवाजावरून पुढे फट आहे का ते कळायचं, ते माझ्या डिग्रीला कळत नव्हतं. ते सगळे 'रावसाहेब, जरा थांबा' म्हणाले की आम्ही थांबायचो.

त्यातल्या एकाचीही मुलाखत मी आजवर बघितलेली नाही.

---

पाटणची

काका, तुमचे प्रतिसाद आवडले, पण एक विचारू? कोयनेवरच्या या सगळ्या माहितीपटांत धरण आहे, १९६० मेगावॉट वीज आहे, भूकंप आहे, लेक टॅपिंग आहे. पाण्याखाली गेलेल्या गावांतल्या कोणाला बोलावलंय कधी? आमच्या आजोबांच्या भावकीतले निम्मे लोक सोलापूरकडे आणि रायगडकडे गेले. पुनर्वसनाच्या फायली अजून चालू आहेत, श्रमिक मुक्ती दलाने कोयनानगरला आंदोलनं करून मंत्र्यांना बैठका घ्यायला लावल्या, हे पेपरात आहे. सात-बारा, संपादनाच्या नोटिसा, कुठली जमीन कसली निघाली, हे आमच्या घरातल्या बायकांना तोंडपाठ आहे. त्या कॅमेऱ्यासमोर आल्याच तर भाकरी थापताना येतात आणि मागे सनई लावतात. नावाखाली लिहितात 'ग्रामस्थ'.

---

खटावकर

हे बाकी खरं बोल्ला ताई. आन आमच्याकडं तर पानीच न्हवतं, म्हनून आमी 'दुष्काळग्रस्त'. तेवढंच आमचं डिझिग्नेशन.

---

काडीबहाद्दर

प्र.का.टा.आ. (प्रतिसाद काढून टाकला आहे)

---

कराडचा_शिकाऊ

पाटणची ताईंशी सहमत. जरा वेगळं उदाहरण देतो, अलीकडचं. चिनाब रेल्वे पूल, नदीपासून ३५९ मीटर उंच, कमानीचा गाळा ४६७ मीटर. जून २०२५ मध्ये उद्घाटन झालं आणि दोन दिवसांत सगळीकडे एकच फोटो: बेंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेच्या प्रा. जी. माधवी लता. '१७ वर्षं झटून पूल उभारणारी महिला' असे मथळे. त्यांचं काम होतं भू-तांत्रिक सल्लागाराचं, म्हणजे पुलाचे पाय ज्या डोंगरउतारावर आहेत तो उतार स्थिर ठेवणं. तिथला खडक भेगाळलेला. वर एक दिसतो, खणलं की दुसराच. त्यामुळे आधी आखलेलं डिझाइन जसंच्या तसं चालेना, खडक उघडा पडेल तसं ते बदलत गेले. त्यांनी यावर पेपरही लिहिलाय.

त्यांनी काय करावं? लिंक्डइनवर लिहिलं की या पुलासाठी कौतुक व्हायला हवं अशा हजारोंपैकी मी एक आहे, मला विनाकारण प्रसिद्ध करू नका. श्रेय रेल्वे, डिझाइन करणारे आणि कंत्राटदार यांचं आहे असं सांगून आपला वाटा उतारांपुरता असल्याचं स्पष्ट केलं.

मला हे फार आवडलं. कारण त्यांचा वाटा एवढाच आहे हे कळल्यावर तो वाटा नीट दिसायला लागतो. 'पूल उभारला' म्हटलं तर काय विचारणार? 'भेगाळलेल्या उतारावर पाया टिकवला' म्हटलं की पुढचे दहा प्रश्न सुचतात.

---

अजिंक्यतारा_पायथा

शिकाऊ, हेच मला धाग्यात म्हणायचं होतं आणि शब्द सापडत नव्हते. माझं मत आता असं झालंय: माहितीपटातल्या माणसाच्या नावाखाली हुद्दा लिहिण्याऐवजी तो त्या कामात कुठे होता ते लिहावं. 'तिसऱ्या पाळीला ड्रिलवर', 'नकाशे तपासले', 'जागा कधी पाहिलेली नाही, कागदपत्रं वाचली आहेत'. शेवटचंही चालेल. कागदपत्रं वाचणाराही लागतो, फक्त त्याने तसं सांगावं. काकांनी वर 'मी दुसऱ्या भागात होतो' म्हटलं तिथेच माझा त्यांच्या बाकीच्या बोलण्यावर विश्वास बसला.

---

इर्विनकाठ

वाहिन्यांनी हे लावलं तर पुराच्या निम्म्या तज्ज्ञांच्या नावाखाली 'स्टुडिओत होतो' असं येईल.

---

मिरजेची_मास्तरीण

अवांतर, पण राहवत नाही. धरणामुळे भूकंप होतात का, यावर कोणी त्याच शिस्तीत सांगेल का? तो यूट्यूबवाला माहितीपट मीही पाहिला. त्यात एकजण म्हणतो "धरणाने भूकंप घडवला" आणि पुढचा म्हणतो "धरणाचा काही संबंध नाही".

---

निवृत्त_उपअभियंता

ताई, माझा विषय सुरुंग आणि काँक्रीट, तेव्हा वाचलेलं सांगतो. धरण भरायला लागल्यानंतर या भागात धक्के वाढले, आणि पाणी चढण्या-उतरण्याशी त्यांचा संबंध वर्षानुवर्षं नोंदला गेलाय. बहुतेक सगळे धक्के साधारण ३० बाय २० किलोमीटरच्या पट्ट्यातच होतात, म्हणून जगातले अभ्यासक इथे येतात. भूभौतिकशास्त्रज्ञ हर्ष गुप्ता यांचं संशोधन बरंचसं याच विषयावर आहे. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं की ताण खडकात आधीपासून होता, पाण्याने त्याला चालना दिली. म्हणजे वरची दोन्ही वाक्यं एकेका 'पण'शिवाय कापलेली आहेत. कात्री कोणाची ते कॅमेराकोन सांगतील. :)

नीट ऐकायचं असेल तर कराडजवळ हजारमाचीला पृथ्वी विज्ञान मंत्रालयाची बोअरहोल जिओफिजिक्सची प्रयोगशाळा आहे. त्यांनी कोयना भागात ३ किलोमीटर खोल छिद्र घेतलंय. वरचा काळा पाषाण साधारण सव्वा किलोमीटरवर संपतो आणि खाली ग्रॅनाइटसारखा जुना खडक लागतो. धक्के त्या खालच्या खडकात होतात, म्हणून तिथवर उतरून बघायची धडपड.

---

कॅमेराकोन

काका, कात्री माझ्याच धंद्याची, मान्य. मग एक प्रस्ताव. वाहिनी नको, पदव्या नकोत. तुम्ही, तुमचे ड्रिलवरचे दोन-तीन जोडीदार, पाटणची ताईंच्या घरातली माणसं. कापाकापी कमी, लांबी हवी तेवढी. येता का?

---

निवृत्त_उपअभियंता

येतो. पण लेक टॅपिंग आणि बोगद्याच्या कामापलीकडे मला विचारू नका. १९६७ ला मी शाळेत होतो, त्या रात्रीचं ऐकायचं तर कोयनानगरात अजून म्हातारी माणसं आहेत. जोडीदारांपैकी एकजण चिपळूणकडे असतो, त्याला फोन करतो, तो कॅमेऱ्याला घाबरेल पण दगडाबद्दल विचारलं की थांबणार नाही. धरणावर आणि वीजगृहात कॅमेरा न्यायला जलसंपदा आणि महानिर्मिती दोन्हीकडची लेखी परवानगी लागेल, ड्रोनचं तर नावच काढू नका. पावसाळ्याच्या आधी जमवा. जुलैत धुक्यात धरण शोधावं लागतं.

---

पाटणची

आमच्याकडून आत्या बोलेल. अट एकच, चुलीपुढे बसवायचं नाही. ती कागद घेऊन टेबलाशी बसणार आहे.

---

कॅमेराकोन

कबूल. आत्यांच्या नावाखाली काय लिहू?

---

पाटणची

विचारून सांगते. बहुतेक 'खातेदार' म्हणेल.

---

वाईचा_वाटसरू

उशिरा आलो, सगळं वाचलं. खंबाटकीत तीन-तीन लेनच्या जुळ्या बोगद्यांचं काम चाललंय, ते एस आकाराचं वळण टळणार म्हणून सगळे खूश आहेत. तिथल्या ड्रिलवरच्या लोकांशी कोणी आत्ताच बोलून ठेवतंय का? की पुन्हा वीस वर्षांनी काका शोधत फिरायचं?

---

खटावकर

माझा चुलतभाव हाय तिथं डंपरवर. इच्यारतो.